जुन्या पोथ्या, शिळाछाप आणि खिळाछाप पुस्तके: वस्तू म्हणून ग्रंथ कसा तपासावा? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

घरच्या माळ्यावर सापडलेली पोथी, वाचनालयाने रद्दीत काढलेले बिनमुखपृष्ठाचे पुस्तक, देवघरातली आडवी छापील पाने... अशा वस्तू हाती आल्यावर लोक जे विचारतात, त्याची उत्तरे येथे दिली आहेत. ग्रंथात काय लिहिले आहे हा विषय वेगळा. येथे प्रश्न आहे तो कागद, शाई, शिवण, छपाई आणि पानांच्या क्रमाचा.

मजकूर वाचता येत असताना कागद-शिवण कशाला बघायची?

कारण एकाच ग्रंथाला चार-पाच तारखा असतात. मजकूर रचला केव्हा, ही प्रत उतरवली किंवा छापली केव्हा, कागद बनला केव्हा, बांधणी झाली केव्हा आणि कडेच्या टिपा कोणी केव्हा लिहिल्या. या तारखा क्वचितच एक असतात. मजकूर फक्त पहिली सांगतो, बाकीच्या वस्तूकडून काढून घ्याव्या लागतात. ग्रंथालयाच्या नोंदवहीत मात्र बहुधा एकच साल लिहिलेले असते आणि ते यांपैकी कोणते, हे सांगितलेले नसते. जुन्या याद्यांमधला निम्मा गोंधळ इथूनच येतो.

आमच्याकडची पोथी हाताने लिहिलेली आहे की छापलेली?

हा प्रश्न सर्वांत जास्त येतो, आणि चूकही इथेच सर्वांत जास्त होते. एकोणिसाव्या शतकातल्या शिळाछापाच्या, म्हणजे दगडावरून छापलेल्या, पोथ्या आडव्या, सुट्या पानांच्या आणि वळणदार अक्षरांच्या असतात. समासातल्या रेघासुद्धा हस्तलिखितासारख्याच. त्यामुळे घरोघरी त्या ‘आजोबांच्या हातची पोथी’ म्हणून जपलेल्या आढळतात.

दहापट मोठे दाखवणारे भिंग आणि एक बॅटरी घ्या. आधी शाई पाहा. बोरूने लिहिताना शाई संपत आली की अक्षर फिकट होते आणि बोरू पुन्हा बुडवला की एकदम गडद. ही चढउतार दर काही अक्षरांनी दिसली, तर पोथी हस्तलिखित आहे. शिळाछापात संपूर्ण पानाची शाई एकाच वेळी लागलेली असते. काळेपणा सपाट असतो आणि भिंगाखाली अक्षराची कड किंचित रवाळ दिसते, कारण तो दगडाचा पोत असतो. मग पान उलटे करून बॅटरी अगदी कडेने, जवळजवळ आडवी धरा. मागच्या बाजूला अक्षरांचे उठाव दिसले तर ते खिळे, म्हणजे धातूची सुटी अक्षरे, दाबून केलेले छापकाम आहे. शिळाछापात दाब सपाट बसतो, म्हणून असा उठाव येत नाही. मात्र पान पुढे कधी दाबून घेतलेले असेल तर खिळ्यांचा उठावही मावळतो, म्हणून या एकाच खुणेवर निकाल देऊ नये.

शिळाछाप आणि खिळाछाप यांतला फरक अक्षरांवरूनही कळतो. एकाच पानावरचे पाच ‘क’ शोधा. पाचही थोडेथोडे वेगळे असतील तर दगडावरचा मजकूर हाताने लिहिलेला आहे. पाचही तंतोतंत एक, आणि त्यातला एखादा तुटक्या पायाचा ‘क’ पुढच्या पानांवर पुन्हा भेटत असेल, तर खिळे आहेत.

शिळाप्रेसवर मजकूर उलटा लिहावा लागत असे का?

थेट दगडावर लिहायचे तर हो. म्हणून बहुतेक ठिकाणी लेखक, म्हणजे नकलकार, खास लेप दिलेल्या कागदावर तेलकट शाईने सुलटाच लिहीत असे. तो कागद दगडावर दाबला की अक्षरे दगडावर उलटी उतरत आणि छापताना पुन्हा सुलटी होत. दगड ओला केला की कोऱ्या भागावर पाणी राहते आणि तेलकट अक्षरांवर शाई धरते. एवढेच त्याचे तत्त्व.

दोषही त्यातूनच येतात. पाणी कमी पडले तर कोऱ्या भागावर करडा मळ धरतो. बऱ्याच प्रती काढल्यावर अक्षरे जाड होत जातात आणि ‘ष’, ‘घ’ यांची पोकळी बुजते. त्यामुळे एकाच आवृत्तीची एक प्रत स्वच्छ आणि दुसरी भरलेली दिसली, तर लगेच ‘दुसरी आवृत्ती’ म्हणू नका. दुरुस्ती दगड खरवडून करावी लागे, म्हणून दुरुस्त केलेले अक्षर चिमटून बसवल्यासारखे दिसते. सुटलेले अक्षर काकपद (‘^’सारखी खूण) देऊन ओळीवर लिहिण्याची हस्तलिखितातली सवयही शिळाछापात तशीच आली, आणि त्यामुळे फसगत आणखी वाढते.

पोथीच्या शेवटी शक दिला आहे. तेच तिचे वय धरायचे का?

धरण्याआधी तो शक कोणाचा, ते ठरवा. ज्ञानेश्वरीचेच पाहा. शके १२१२ हे रचनेचे साल ओवीतच आहे, म्हणून ते प्रत्येक पूर्ण प्रतीत येणार. एकनाथांनी प्रत शुद्ध केली ते शके १५०६, तारण संवत्सर. तेही त्यांच्या पाठाच्या प्रतींमध्ये उतरते. हाती असलेली प्रत कोणी, कुठे, कधी उतरवली हे त्यानंतरच्या पुष्पिकेत, म्हणजे नकलकाराच्या शेवटच्या नोंदीत, असेल तर असते. तिथेही सावध राहावे लागते. ‘यादृशं पुस्तकं दृष्ट्वा तादृशं लिखितं मया’ असे म्हणणारा लेखक कधीकधी समोरच्या प्रतीची पुष्पिकासुद्धा शकासकट तशीच उतरवून मोकळा होतो. पुष्पिकेचे अक्षर, बोरूची जाडी आणि शाई मजकुराशी जुळते का ते पाहा. मग कागद त्या शकाला शोभतो का ते पाहा.

शकात ७८ मिळवले की इसवी सन येतो. माघ-फाल्गुनातली तिथी असेल तर ७९. पौषात १ जानेवारी मध्येच येते, म्हणून तिथी पाहून ठरवावे लागते. संवत्सराचे नाव दिले असेल तर पडताळा घ्या. शकात १२ मिळवा, ६० ने भागा. बाकी येईल तितक्या क्रमांकाचे संवत्सर, प्रभवापासून मोजून (बाकी शून्य आली तर साठावे, क्षय). शके १७१२ अधिक १२ म्हणजे १७२४, बाकी ४४, म्हणजे साधारण संवत्सर. जुळले.

यात एक खड्डा आहे. जुन्या हातांत १ आणि ७ सारखे दिसतात, आणि शके १७७२ चे संवत्सरही साधारणच येते, कारण चक्र साठ वर्षांचे. अशा वेळी संवत्सर काहीच ठरवत नाही. महिना, तिथी आणि वार तिन्ही दिले असतील तर जुन्या पंचांगाच्या गणिताने वार तपासावा. दोन्ही सालांना तोच वार क्वचितच येतो. खानदेशाकडच्या किंवा गुजरातेतून आलेल्या पोथीत विक्रम संवत असेल, तर त्यातून साधारण ५७ वजा करायचे असतात. संवत शक समजून धरले की पोथी १३५ वर्षांनी चुकते.

कागदावरून काळ कळतो का?

खालची मर्यादा कळते. पान उजेडासमोर धरा. देशी हातकागदात, म्हणजे दौलताबाद, जुन्नर, अहमदाबाद अशा ठिकाणच्या, गवताच्या चाळणीच्या बारीक रेषा दिसतात. त्या थोड्या वाकड्या असतात आणि आडव्या शिवणीच्या रेषांमधले अंतर सारखे नसते. कागदाला खळ देऊन गुळगुळीत दगडाने घोटलेले असते, म्हणून तिरप्या उजेडात चकाकी आणि घोटल्याचे पट्टे दिसतात. पाणचिन्ह नसते.

युरोपी हातकागदात तारेच्या रेषा सरळ असतात. उभ्या साखळीरेषा साधारण अडीच सेंटिमीटरवर येतात आणि पाणचिन्ह असू शकते. इंग्रजी कागदावर १७९४ नंतर पाणचिन्हात सालही घालू लागले. ते सापडले तर लिखाण त्या सालाच्या आधीचे असणे शक्यच नाही. मागाहून किती, ते मात्र कागद सांगत नाही. दप्तरात चांगला कागद वर्षानुवर्षे राखून ठेवत. पिवळा-तपकिरी पडून कडा मोडणारा कागद लाकडाच्या लगद्याचा. तो एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धाचा किंवा नंतरचा, मग पुष्पिका काहीही सांगो.

हिरव्या रेघांच्या जागीच पान का कापले गेले आहे? आणि पिवळे ठिपके कसले?

हिरवा रंग बहुधा जंगालाचा, म्हणजे तांब्याच्या गंजाचा. तांबे कागदाचे तंतू खाते, म्हणून चौकटीची रेघ कात्रीने कापल्यासारखी सुटून मधला मजकूर हातात येतो. त्यावर घरगुती उपाय नाही. पान उभे धरू नका, खालून जाड कोरा कागद सरकवून उचला.

पिवळा लेप हरताळाचा असतो. चुकलेले अक्षर त्याने झाकून वर नवे लिहीत. हरताळ हे आर्सेनिकचे संयुग आहे. पाने उलटताना बोट जिभेला लावण्याची सवय असेल तर ती इथे विषारी ठरते. पोथी हाताळल्यावर हात धुवा. कापडी हातमोज्यांची मात्र गरज नाही. त्यांनी बोटांना पानाची जाणीव राहत नाही आणि कडा फाटतात. हात स्वच्छ आणि कोरडे हवेत.

काळी शाई काजळी आणि गोंदाची. ती उजेडाने फिकी होत नाही, पण पाण्याने पसरते. म्हणून ओल्या बोळ्याने पोथी पुसायची नाही, कितीही धूळ असली तरी. मऊ कोरडा ब्रश, मधून कडेच्या दिशेने.

पोथी पूर्ण आहे का, हे कसे मोजायचे?

पोथीत पाने मोजत नाहीत, पत्रे मोजतात. एका पत्राला दोन बाजू असतात आणि क्रमांक सहसा मागच्या बाजूला असतो. डाव्या समासात वर ग्रंथाच्या नावाची आद्याक्षरे आणि अंक, उजव्या समासात खाली पुन्हा अंक, अनेकदा ‘राम’ किंवा ‘गुरु’ सोबत. नोंद करताना ‘१२अ’ म्हणजे पुढची बाजू, ‘१२ब’ म्हणजे अंक असलेली. हे न कळल्याने अंकाची बाजू पुढची समजून पूर्ण पोथी एका बाजूने सरकवून छायाचित्रे काढलेली सर्रास दिसतात.

आद्याक्षरे तपासत जा. एकाच रुमालात दोन-तीन ग्रंथांची पत्रे मिसळणे अगदी नेहमीचे. अंक पुसले असतील तर किडीची भोके उपयोगी पडतात. अळी सलग पोखरत जाते, म्हणून भोकाचा आकार आणि जागा शेजारच्या पत्रांवर हळूहळू बदलते. पत्रे त्या क्रमाने लावली की मूळ रचना मिळते. मधल्या एखाद्या पत्रावर भोकच नसेल तर ते नंतर घातलेले आहे. शाईची रेघ भोकाला वळसा घालून गेली असेल तर लिखाण भोकाच्या नंतरचे आहे. खोट्या जुन्या पोथ्या पकडायला एवढी खूण पुरते.

शेवटी ‘ग्रंथसंख्या’ दिली असेल तर ती ३२ अक्षरांच्या एककाने केलेली मोजणी असते. लेखकाचा मेहनताना त्यावरून ठरवता येई. एका पानावरच्या ओळी गुणिले ओळीतली अक्षरे गुणिले पाने, भागिले ३२. आकडा फार कमी आला तर पत्रे गळालेली असण्याची शक्यता मोठी.

बाड आणि पोथी यांत फरक काय?

पोथी सुट्या आडव्या पत्रांची, दोन फळ्यांमध्ये ठेवून रुमालात बांधलेली. बाड शिवलेले असते, वहीसारखे. रामदासी मठांतली बाडे धुळ्याच्या समर्थ वाग्देवता मंदिरात मोठ्या संख्येने आहेत. बाडात वेगवेगळ्या हातांनी वेगवेगळ्या काळी पदे, औषधे, हिशेब लिहिलेले असतात, म्हणून संपूर्ण बाडाला एक तारीख देणे चूक.

छापील पुस्तकाचे मुखपृष्ठ गेले आहे. साल कसे काढू?

आधी आकार मोजा. डेमी ताव १७.५ × २२.५ इंचांचा. तीन घड्या घातल्या की आठ पत्रे, सोळा पाने. क्राऊन ताव १५ × २० इंचांचा. पानाच्या तळाशी मजकुराखाली एकटा बारीक अंक दिसतो, तो फॉर्मचा, म्हणजे एकत्र छापून घडी घातलेल्या पानांच्या गटाचा. तो १, १७, ३३ या पानांवर येत असेल तर सोळा पानी फॉर्म. १, ९, १७ वर येत असेल तर आठ पानी. त्यावरून कोणता फॉर्म गळाला तेही समजते. चित्रे असतील तर भिंगाखाली पाहा. करड्या छटा बारीक ठिपक्यांच्या जाळीने केल्या असतील तर पुस्तक १८८० च्या आधीचे नाही.

मग कागदपत्रांकडे वळा. १८६७ च्या पंचविसाव्या कायद्याने प्रत्येक पुस्तकावर मुद्रकाचे नाव आणि ठिकाण सक्तीचे झाले, आणि सरकारकडे प्रती द्याव्या लागल्या. त्या आधारे मुंबई इलाख्याच्या त्रैमासिक याद्या निघत. त्यांत नाव, छापखाना, पृष्ठे, आकार, आवृत्ती, किती प्रती काढल्या, खिळ्यांवर छापले की शिळेवर, आणि किंमत, हे सगळे असते. पृष्ठसंख्या आणि आकार तुमच्या हातात असला तर बिनमुखपृष्ठाचे पुस्तक या यादीत ओळखता येते. शं. ग. दाते यांची मराठी ग्रंथसूची (पहिला खंड १८०० ते १९३७) सोबत ठेवा. १८६७ च्या आधीच्या पुस्तकांना, म्हणजे दोलामुद्रितांना, ही सोय नाही. तिथे दुसऱ्या प्रतीशी पान-पान ताडून पाहण्यावाचून इलाज नाही.

पहिले छापील मराठी पुस्तक कोणते?

‘छापील’, ‘मराठी’ आणि ‘पुस्तक’ यांपैकी कशावर जोर देता त्यावर उत्तर बदलते. १८०५ साली श्रीरामपूरला विल्यम कॅरीचे मराठी व्याकरण देवनागरी खिळ्यांत छापले गेले, पण त्याचे विवेचन इंग्रजीत. त्याच साली मिरजेला गीता तांब्याच्या पत्र्यांवर कोरून छापली, पण ती संस्कृत. १८०६ मध्ये तंजावरला सरफोजीराजांच्या छापखान्यातून बालबोधमुक्तावली निघाली. श्रीरामपूरनेच पुढे मोडीचे खिळे पाडले आणि १८१० चा कॅरीचा कोश त्यांत छापला. आणि देवनागरीची अट सोडली, तर १६१६ चे क्रिस्तपुराण या सगळ्यांच्या जवळजवळ दोनशे वर्षे आधीचे.

मग क्रिस्तपुराणाची छापील प्रत कुठे पाहता येईल?

कुठेच नाही. राचोलला १६१६ मध्ये आणि नंतर १६४९, १६५४ मध्ये रोमन लिपीत ते छापले गेले. तिन्ही आवृत्त्यांची एकही प्रत आज माहीत नाही. आहेत त्या हस्तलिखित नकला. छापील आवृत्तीवरून हाताने उतरवताना लेखकांनी धर्मसत्तेची परवानापत्रेही नकलून घेतली, म्हणून त्या आवृत्त्यांचा पत्ता लागतो. छापील पुस्तक आले की हस्तलिखित संपले, असा समज असणाऱ्यांनी हे उदाहरण जरूर पाहावे. लंडनच्या मार्सडेन संग्रहात याच ग्रंथाची देवनागरी प्रत आहे. गोव्यात छापखाना १५५६ मध्येच आला होता आणि तिथे छापलेल्या पुस्तकांपैकी आज उपलब्ध असलेले सर्वांत जुने १५६१ चे, पोर्तुगीजमधले आहे.

धार्मिक ग्रंथ तुपाच्या शाईने छापत, हे खरे का?

छापाच्या शाईत चरबी असते या संशयाने कर्मठ लोक छापील कागदाला शिवत नसत, आणि मुंबईतल्या छापखानदारांनी चरबीऐवजी तूप वापरून तोड काढली, अशी नोंद आहे. गणपत कृष्णाजींनी १८३१ मध्ये शिळाछापाचे पंचांग काढले, ते याच वातावरणात. पण ‘आमच्या पोथीला तुपाचा वास येतो’ म्हणणाऱ्यांनी आधी देवघरातल्या निरांजनाचा विचार करावा.

जुने पुस्तक बाइंडरकडे द्यावे का?

शक्यतो देऊ नये. नेहमीचा बाइंडर तीन बाजूंनी कटिंग मारतो. त्यात समासातल्या टिपा आणि फॉर्मचे अंक जातात. मूळ रंगीत कागदी आवरण ‘फाटके’ म्हणून काढून टाकतो. १८६७ नंतरच्या पुष्कळ पुस्तकांची किंमत, प्रती आणि प्रकाशकाच्या जाहिराती त्या आवरणावरच होत्या. मणक्यावर सरस थापल्याने पुस्तक नीट उघडत नाही आणि जुना कागद शिवणीशी तुटतो. कीड लागू नये म्हणून खळीत मोरचूद घालण्याची जुनी पद्धत आहे. कीड थांबते, पण मोरचूद आम्लधर्मी आहे आणि कागद तपकिरी पाडते.

द्यायचेच असेल तर कटिंग नको, आवरण आणि पुस्तानीचे (पुठ्ठ्याच्या आतले) कागद परत हवेत, गव्हाच्या स्टार्चची साधी खळ हवी, असे लिहून द्या. सेलोटेप कुठेही नको. त्याचा गोंद काही वर्षांत कागदात मुरून पिवळा डाग कायमचा बसतो. लॅमिनेशन तर मुळीच नको, कारण ते उलट काढता येत नाही. तारेच्या पिना गंजल्या असतील तर चिमट्याने उघडून काढा, ओढू नका.

कसर आणि वाळवी लागली आहे. वेखंड पुरते का?

वेखंडाची पुरचुंडी कीड दूर ठेवायला ठीक, लागलेली कीड तिने मरत नाही. ताजा पीठासारखा भुगा पडत असेल तर कीड जिवंत आहे. पुस्तक पॉलिथिनच्या पिशवीत हवा काढून घट्ट बंद करा आणि फ्रीझरमध्ये उणे १८ ते २० अंशांवर दोन आठवडे ठेवा. बाहेर काढल्यावर पिशवी पूर्ण एक दिवस उघडू नका, नाहीतर बाहेरचा दमटपणा थंड कागदावर पाणी होऊन बसतो. चित्रे रंगवलेल्या पोथीला हा उपाय करू नये. रंग सुटू शकतो. पावसाळ्यात कपाट भिंतीपासून चार-सहा इंच पुढे ओढा. पोथी उन्हात वाळवू नका, सावलीत पंख्याखाली ठेवा.

स्कॅन उपलब्ध असेल तर मूळ प्रत पाहायची गरज काय?

मजकुरासाठी नाही. पण स्कॅनमध्ये उठाव, पाणचिन्ह, शिवण आणि खरा आकार दिसत नाही. कोरी पाने बहुधा वगळलेली असतात. शिवाय एका स्कॅनला ‘ही आवृत्ती’ म्हणणे धोक्याचे. खिळ्यांच्या काळात चूक लक्षात आली की छपाई थांबवून दुरुस्त करत आणि आधीचे तावही वापरून टाकत. म्हणून एकाच आवृत्तीच्या दोन प्रतींत फरक निघतो.

याची किंमत किती येईल?

बहुतेकदा थोडी. पांडवप्रताप, शिवलीलामृत यांच्या शिळाछाप पोथ्या भरपूर निघाल्या. आवरणासह पूर्ण असलेले शालेय पुस्तक त्यापेक्षा दुर्मीळ असते, कारण मुलांनी ती वापरून संपवली.

नोंद कशी लिहावी?

एका ओळीत सगळे बसते: ‘पोथी, देशी कागद, २३.५ × ११ सेंमी, पत्रे १–४८ (१७ गहाळ), ओळी ९, अक्षरे सुमारे ३०, काळी व तांबडी शाई, हरताळ, पुष्पिका ४८ब, शके वाचन संशयित’. ‘संशयित’ लिहायला लाजू नये. छापील पुस्तकासाठी आकार, फॉर्मची संख्या, आवरण आहे की नाही, बांधणी मूळ की नंतरची, मालकांच्या सह्या व शिक्के, आणि कोणत्या दुसऱ्या प्रतीशी ताडून पाहिले ते लिहा.

या अभ्यासाला सुरुवात कुठून करावी?

अ. का. प्रियोळकरांच्या कामापासून. गोव्यातल्या प्रियोळचे, मुंबईच्या मराठी संशोधन मंडळात काम केलेले. भारतातल्या छापखान्यांचा त्यांचा इंग्रजी इतिहास १९५८ मध्ये आला. नंतर खिळ्यांच्या घडणीसाठी बापूराव नाईक वाचावेत. प्रत्यक्ष वस्तूंसाठी पुण्याचे भारत इतिहास संशोधक मंडळ आणि भांडारकर संस्था, मुंबईचे मराठी ग्रंथसंग्रहालय, तंजावरचे सरस्वती महाल. जाताना पेन नेऊ नका, शिसपेन न्या. मागणीपत्रावर हवी ती प्रत तिच्या दाखल क्रमांकाने मागा, नावाने मागितली तर नवी आवृत्ती समोर येते.

अमेरिकेतल्या मुलाकडे पोथी पाठवता येईल का?

१९७२ च्या पुरावस्तू कायद्यानुसार ७५ वर्षे वा त्याहून जुने, ऐतिहासिक किंवा वाङ्मयीन महत्त्वाचे हस्तलिखित पुरावस्तू ठरते आणि खासगी व्यक्तीला ते देशाबाहेर नेता येत नाही. छापील आणि शिळाछाप पुस्तके हस्तलिखितात मोडत नाहीत, पण शंभर वर्षांपुढच्या वस्तूबाबत पुरातत्त्व खात्याकडून ती पुरावस्तू नसल्याचा दाखला आधी घ्यावा. मुलाला चांगली छायाचित्रे पाठवा. दोन्ही बाजू, समास कापू नका, बाजूला फूटपट्टी ठेवा.